विश्लेषण : ‘लिबर्टी बेल’चा तडा म्हणजे खरे तर दुरुस्ती? फिलाडेल्फियाच्या ऐतिहासिक वास्तूंत मूळचे किती, नंतरचे किती?

अमेरिकेच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याला ४ जुलै २०२६ रोजी २५० वर्षे पूर्ण होतात. हा जाहीरनामा ज्या शहरात मंजूर झाला, त्या फिलाडेल्फियात या वर्षाची सुरुवात मात्र एका वादाने झाली. जानेवारीत राष्ट्रीय उद्यान सेवेने (म्हणजे आपल्याकडच्या पुरातत्त्व खात्यासारखे काम करणाऱ्या केंद्रीय यंत्रणेने) एका स्मारकाच्या भिंतींवरचे माहितीफलक काढून नेले. देशाचे पहिले अध्यक्ष जॉर्ज वॉशिंग्टन यांच्या घरात राबणाऱ्या नऊ गुलामांची हकिगत त्या फलकांवर होती. शहराने लगेच न्यायालयात धाव घेतली. सरकारने इतिहास पुसला, असे एका बाजूचे म्हणणे, तर इतिहासाची बदनामी थांबवली, असे दुसऱ्या बाजूचे. पण या शहरात पर्यटक जे पाहायला येतात, त्यातले खरोखर अठराव्या शतकातले किती आणि नंतर कोणीतरी ठरवून उभे केलेले किती, हे पाहिल्याशिवाय हा वाद नीट कळत नाही.

वाद सुरू झाला ती जागा नेमकी कुठे आहे?

चेस्टनट स्ट्रीटवर विटांची मनोरा असलेली इमारत आहे. तो इंडिपेन्डन्स हॉल. १७७६चा जाहीरनामा आणि १७८७ची राज्यघटना, दोन्ही इथेच मंजूर झाली. समोरचा रस्ता ओलांडला की काचेच्या दालनात लिबर्टी बेल. तिथून बाहेर पडले की मार्केट स्ट्रीट आणि सिक्स्थ स्ट्रीटच्या कोपऱ्याजवळ अर्धवट भिंती, रिकाम्या खिडक्या आणि धुराड्यांचे सांगाडे दिसतात. ही ‘प्रेसिडेंट्स हाऊस’ची जागा. फलक इथलेच निघाले. घंटा आणि हे घर एकमेकांच्या इतके जवळ आहेत की घंटेच्या दालनात शिरणारा माणूस वॉशिंग्टन यांच्या तबेल्यातल्या गुलामांच्या राहण्याच्या जागेलगतच रांगेत उभा असतो. हे जाणूनबुजून घडलेले नाही. दालनाची जागा ठरली तेव्हा त्या घराचा नेमका आराखडा फारसा कोणाला ठाऊकच नव्हता.

तडा कसा पडला आणि रुंद कोणी केला?

लिबर्टी बेलचे कोणतेही चित्र आठवा. खालच्या कडेपासून वर गेलेली जाड, वेडीवाकडी फट डोळ्यांसमोर येते. हीच ती प्रसिद्ध भेग, असे बहुतेकांना वाटते. प्रत्यक्षात ती फट ही भेगेवर केलेली दुरुस्ती आहे.

पेनसिल्व्हेनिया वसाहतीच्या विधिमंडळाने ही घंटा १७५१ मध्ये लंडनच्या व्हाइटचॅपल ओतशाळेकडे मागवली. १७५२ मध्ये ती आली आणि आवाज तपासण्यासाठी वाजवताच तडकली. कासे हा मिश्रधातू असाच असतो. त्यात कथिलाचे प्रमाण जास्त असले की आवाज खणखणीत येतो, पण धातू ठिसूळ होतो. जॉन पास आणि जॉन स्टो या दोन स्थानिक कारागिरांनी ती वितळवून पुन्हा ओतली. ती फुटू नये म्हणून त्यांनी तांबे वाढवले. घंटा मजबूत झाली, पण तिचा आवाज इतका बद्द येऊ लागला की लोकांनी चेष्टा केली. दोघांनी ती पुन्हा वितळवली, पुन्हा ओतली. १७५३ मध्ये मनोऱ्यात चढली ती ही तिसरी घंटा. वजन २,०८० पौंड, म्हणजे साधारण ९४३ किलो. आज जी पाहायला मिळते ती हीच. म्हणजे लंडनहून आलेली मूळ घंटा वर्षभरही टिकली नव्हती. तिचा धातू तेवढा या घंटेत आहे.

पुढची जवळपास नव्वद वर्षे ही घंटा वाजत राहिली. १८४०च्या दशकाच्या सुरुवातीला तिला बारीक भेग पडली. भेगेच्या दोन कडा वाजताना एकमेकींवर घासू लागल्या की घंटा टणत्कार न करता नुसती खरखरते. १८४६ मध्ये वॉशिंग्टन यांच्या जयंतीला ती वाजवायची होती. म्हणून कारागिरांनी ‘स्टॉप ड्रिलिंग’ केले. आजही यंत्रांच्या सुट्या भागांवर किंवा विमानाच्या पत्र्यावर ही युक्ती वापरतात. भेगेचे टोक जितके अणकुचीदार, तितका तिथे ताण एकवटतो आणि भेग पुढे सरकते. टोकाशी छिद्र पाडले, कडा कोरून लांब केल्या, तर ताण विभागला जातो आणि कडांचे घासणेही थांबते. घंटेची फट अशी अर्ध्या इंचाच्या आसपास रुंद केली गेली. तिच्यात दिसणारे दोन रिव्हेटही त्याच खटाटोपातले.

दुरुस्ती तात्पुरती यशस्वी झाली. जयंतीच्या दिवशी घंटा वाजली, आणि वाजता वाजताच दुसरी भेग पडली. ही केसासारखी बारीक भेग रुंद फटीच्या वरच्या टोकापासून उजवीकडे चढत जाते आणि घंटेवर कोरलेल्या ‘लिबर्टी’ या शब्दातून पलीकडे जाते. घंटा कायमची मुकी झाली ती या भेगेमुळे. पर्यटकांच्या फोटोत ती सहसा येतच नाही.

मग ४ जुलै १७७६ला ही घंटा वाजली होती का?

वाजली होती असे मानायला आधार नाही. ४ जुलैला जाहीरनामा मंजूर झाला, पण त्याचे पहिले जाहीर वाचन झाले ८ जुलैला. त्या दिवशी शहरातल्या घंटा वाजल्या. त्यात ही असेलही. मात्र मनोऱ्याचे लाकूड तेव्हा कुजलेले होते, आणि हीच घंटा वाजली असे सांगणारी त्या दिवसाची नोंद नाही. दाराशी कान लावून बसलेला मुलगा ‘वाजवा’ असे ओरडतो आणि म्हातारा घंटावाला दोर ओढतो, हा प्रसंग अमेरिकेच्या कित्येक पिढ्यांनी शाळेत ऐकला. तो जॉर्ज लिपार्ड या लेखकाने १८४७ मध्ये लिहिलेल्या कथेतला आहे. घंटा बंद पडली १८४६ला, आणि तिची दंतकथा सुरू झाली १८४७ला!

तिला ‘लिबर्टी बेल’ हे नावही १७७६ मध्ये कोणी दिलेले नाही. ते १८३०च्या दशकात गुलामगिरीविरोधी चळवळीने रूढ केले. देशातल्या सगळ्या रहिवाशांना स्वातंत्र्य जाहीर करा, अशा अर्थाचे बायबलमधले वचन घंटेवर कोरलेले आहे. त्यातला ‘सगळ्या’ हा शब्द चळवळीने उचलून धरला. त्याआधी ती नुसती राज्यसभागृहाची घंटा होती. इतकी साधी, की १८२८ मध्ये ती भंगारात गेलीच होती. शहराने जॉन विलबँक या ओतकाम करणाऱ्याकडून नवी घंटा घेतली आणि जुनीची किंमत ४०० डॉलर धरून बिलातून वजा केली. ती उतरवून वाहून नेण्याचा खर्च तिच्या धातूच्या किमतीपेक्षा जास्त होईल, असे विलबँकच्या लक्षात आले आणि त्याने ती नेलीच नाही. शहराने त्याच्यावर खटला भरला. अखेर त्याने न्यायालयाचा खर्च सोसला आणि घंटा शहराकडेच राहिली. अमेरिकी स्वातंत्र्याचे सर्वांत मोठे प्रतीक हमाली परवडली नाही म्हणून वाचले, असे म्हणणे अगदीच चुकीचे ठरणार नाही.

तडकलेली घंटा नंतर देशभर हिंडली. १८८५ ते १९१५ या काळात ती रेल्वेने सात वेळा इतर शहरांत प्रदर्शनांना नेण्यात आली. यादवी युद्धानंतर दुभंगलेल्या देशाला जोडण्यासाठी, असा तेव्हाचा सूर होता. पहिला प्रवास जानेवारी १८८५ मध्ये न्यू ऑर्लिन्सचा. त्या वेळी डॉ. आनंदीबाई जोशी फिलाडेल्फियाच्याच वुमन्स मेडिकल कॉलेजात शिकत होत्या. ११ मार्च १८८६ रोजी त्यांना पदवी मिळाली, तोवर घंटा परत आली होती. या प्रवासांत हौशी लोकांनी आठवण म्हणून तिच्या कडेचे टवके काढले. १९१५च्या सॅन फ्रान्सिस्को फेरीनंतर मात्र तिला शहराबाहेर नेलेले नाही.

इंडिपेन्डन्स हॉल तरी मूळ आहे का?

भिंती मूळच्या आहेत. बाकीचे जपून सांगावे लागते. ही इमारत १७३२ मध्ये बांधायला घेतली ती पेनसिल्व्हेनियाचे सभागृह म्हणून. मनोऱ्याचा लाकडी कळस कुजल्यामुळे १७८१ मध्ये उतरवला गेला. आज पोस्टकार्डावर दिसणारा कळस विल्यम स्ट्रिकलंड यांनी १८२८ मध्ये बांधला. तो जुन्याची हुबेहूब नक्कल नाही. म्हणजे राज्यघटना लिहिली जात होती त्या १७८७ मध्ये या इमारतीला कळसच नव्हता.

राजधानी १७९९ मध्ये दुसरीकडे गेली आणि इमारत ओस पडली. वरच्या मजल्यावर १८०२ पासून चित्रकार चार्ल्स विल्सन पील यांचे संग्रहालय भरले. मॅस्टोडॉन या हत्तीसारख्या नामशेष प्राण्याचा सांगाडा हे त्याचे मोठे आकर्षण. राज्य सरकारला मात्र पैसा हवा होता. आवाराचे भूखंड पाडून विकायचे ठरले. तेव्हा शहराने १८१६ मध्ये ७० हजार डॉलरना इमारत आणि आवार विकत घेण्याचा करार केला. तोवर जाहीरनामा मंजूर झालेल्या दालनाचे लाकडी पॅनेलिंग उखडले गेले होते. आज तिथे पर्यटक पाहतात ते पॅनेलिंग विसाव्या शतकात उद्यान सेवेने अभ्यास करून पुन्हा बसवलेले आहे. बहुतेक टेबल-खुर्च्या त्या काळातल्या आहेत, पण त्या दालनातल्या नाहीत. उगवत्या सूर्याचे कोरीवकाम असलेली वॉशिंग्टन यांची खुर्ची मात्र मूळची.

याच इमारतीच्या वरच्या मजल्यावर १८५०च्या दशकाच्या सुरुवातीला संघीय न्यायालय होते. पळून आलेल्या गुलामांना पकडून मालकांकडे परत पाठवण्याच्या सुनावण्या तिथे चालत. खाली स्वातंत्र्याचे दालन, वर या सुनावण्या. पर्यटकांच्या गर्दीत ही गोष्ट सांगितली जाते, पण ओझरती.

‘जुने’ दाखवण्यासाठी जुनेच पाडले?

हॉलच्या समोर उत्तरेकडे तीन मोठ्या चौकांएवढी हिरवळ पसरली आहे. वाटते, अठराव्या शतकात इथे बागच असावी. तिथे दाट वस्ती होती. दुकाने, गोदामे, कारखाने. १९४८ च्या कायद्याने राष्ट्रीय ऐतिहासिक उद्यान स्थापन झाले, आणि हॉल उठून दिसावा म्हणून पन्नासच्या दशकात राज्य सरकारने हॉलसमोरच्या त्या इमारती पाडल्या. लगतच्या भागातही एकोणिसाव्या शतकाला फारसा थारा मिळाला नाही. जेन बिल्डिंग ही १८५०च्या सुमारास उभी राहिलेली आठ मजली इमारत, गगनचुंबी इमारतींची एक पूर्वज, १९५७च्या सुमारास पाडली गेली. फ्रँक फर्नेस या वास्तुरचनाकाराची बँकेची अफलातून इमारत १९६० पर्यंत गेली. दोष एवढाच की त्या १७७६च्या नव्हत्या. कोणते शतक जपायचे आणि कोणते पाडायचे, हे ठरवणाऱ्यांच्या समितीत त्या शतकाची बाजू मांडणारे थोडेच होते.

त्याच शहराचे भले थोरले सिटी हॉल वाचले ते वेगळ्या कारणाने. १८७१ मध्ये सुरू झालेले हे बांधकाम १९०१ पर्यंत चालले. ५४८ फूट उंच, आणि तेही पोलादी सांगाड्यावर नव्हे, तर दगड-विटांच्या भिंतींवर उभे. तळाशी भिंतींची जाडी २२ फुटांपर्यंत आहे. शिखरावर शहराचे संस्थापक विल्यम पेन यांचा ३७ फुटी पुतळा. गेल्या शतकाच्या मध्याला ते पाडण्याची चर्चा झाली. पण एवढ्या जाड भिंती पाडायला बांधण्याइतकाच खर्च येईल, असा हिशेब निघाला आणि विषय मागे पडला.

घरच उरले नसेल तर काय दाखवायचे?

या प्रश्नाला शहराने दोन उत्तरे दिली, आणि दोन्ही एकाच वेळी, १९७६च्या द्विशताब्दीच्या तयारीत.

थॉमस जेफरसन यांनी जाहीरनाम्याचा मसुदा लिहिला ते ग्राफ यांचे घर १८८३ मध्ये पाडले गेले होते. १९७५ मध्ये जुन्या छायाचित्रांवरून ते त्याच जागी पुन्हा बांधले. विटा नव्या, आराखडा जुना. पाहणाऱ्याला ते अडीचशे वर्षांचे वाटते.

बेंजामिन फ्रँकलिन यांचे घर तर त्यांच्या वारसांनीच १८१२ मध्ये पाडले. त्याचे खात्रीचे चित्र उपलब्ध नव्हते. वास्तुरचनाकार रॉबर्ट व्हेंच्युरी यांच्या कार्यालयाने मग घर बांधलेच नाही. घराच्या बाह्यरेषा तेवढ्या पांढऱ्या पोलादी नळ्यांनी हवेत उभ्या केल्या. लोक त्याला ‘भुताचे घर’ म्हणतात. जमिनीत खिडक्या ठेवल्या आहेत, त्यातून मूळ पाया दिसतो. जे माहीत आहे तेवढेच दाखवायचे, आणि जे माहीत नाही ती जागा रिकामी सोडायची. दोन्हीपैकी हा मार्ग अधिक प्रामाणिक वाटतो, जरी शाळेच्या सहलींतली मुले तिथे ‘घर कुठे आहे’ असे विचारत असली तरी.

पुतळ्यांचे राजकारण इथेही?

पुतळे हलवणे हा या शहराला नवा प्रकार नाही. चित्रपटातला मुष्टियोद्धा रॉकी याचा पुतळा १९८०च्या सुमारास चित्रीकरणासाठी बनला, मग कलासंग्रहालय आणि क्रीडासंकुल यांच्यात फिरत राहिला, आणि २००६ मध्ये संग्रहालयाच्या पायऱ्यांजवळ स्थिरावला. याच शहरातला खराखुरा जगज्जेता जो फ्रेझर याचा पुतळा लागला २०१५ मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर चार वर्षांनी.

एखाद्या कृष्णवर्णीय व्यक्तीचा शहराच्या सार्वजनिक जागेवरचा पहिला पुतळा तर २०१७ मध्ये उभा राहिला. शिक्षक आणि मतदान हक्कांचे कार्यकर्ते ऑक्टेव्हियस कॅटो यांचा. १८७१ मध्ये निवडणुकीच्या दिवशी गोळ्या घालून त्यांचा खून झाला होता. जॉर्ज फ्लॉइड प्रकरणानंतर जून २०२० मध्ये माजी महापौर आणि पोलीस प्रमुख फ्रँक रिझो यांचा पुतळा शहराने रातोरात हटवला. कोलंबसच्या पुतळ्याभोवती प्लायवूडची पेटी ठोकली. इटालियन वंशाच्या रहिवाशांनी न्यायालयात दाद मागितली आणि डिसेंबर २०२२ मध्ये पेटी निघाली. तेव्हा काढण्याच्या बाजूने शहर होते आणि ठेवा म्हणणारे न्यायालयात. या वर्षी उलटे झाले आहे.

प्रेसिडेंट्स हाऊसमध्ये नेमके काय घडले होते?

१७९० ते १८०० या काळात फिलाडेल्फिया ही अमेरिकेची राजधानी होती. वॉशिंग्टन १७९७ पर्यंत या भाड्याच्या घरात राहिले, त्यांच्यानंतर जॉन अॅडम्स. वॉशिंग्टन यांनी व्हर्जिनियातल्या आपल्या मळ्यावरून या काळात नऊ गुलाम इथे आणले.

अडचण कायद्याची होती. पेनसिल्व्हेनियाने १७८० मध्येच गुलामगिरी क्रमाक्रमाने संपवणारा कायदा केला होता. बाहेरच्या राज्यातल्या मालकाने आणलेला गुलाम सलग सहा महिने इथे राहिला तर स्वातंत्र्य मागू शकत होता. खुद्द महान्यायवादी एडमंड रँडॉल्फ यांचे गुलाम असेच मोकळे झाले. त्यांनी वॉशिंग्टन कुटुंबाला सावध केले. त्यानंतर सहा महिने भरण्याआधी गुलामांना काही दिवस राज्याबाहेर पाठवायचे आणि परत आणायचे, असा क्रम सुरू झाला. ही हलवाहलव गुलामांच्या आणि लोकांच्याही लक्षात येणार नाही अशा बहाण्याने करावी, असे वॉशिंग्टन यांनी आपले सचिव टोबायस लिअर यांना पत्रात कळवले होते. पत्र उपलब्ध आहे. मुळात अशा फेऱ्यांनाही १७८८च्या दुरुस्तीने बंदी घातली होती. पळालेल्या गुलामांना पकडण्याच्या १७९३च्या संघीय कायद्यावर सही झाली तीही वॉशिंग्टन याच शहरात अध्यक्ष असताना.

ओनी जज ही विशीतली तरुणी मार्था वॉशिंग्टन यांची खास दासी होती. त्यांचे कपडे शिवणे, केस विंचरणे ही तिची कामे. आपल्याला मार्था यांच्या नातीला लग्नात भेट म्हणून देणार, हे तिला कळले. २१ मे १७९६च्या संध्याकाळी कुटुंब जेवत असताना ती घरातून निघून गेली. शहरातल्या स्वतंत्र कृष्णवर्णीयांनी तिला मदत केली. दोनच दिवसांत घराच्या कारभाऱ्याने वर्तमानपत्रात जाहिरात दिली. तिला आणून देणाऱ्याला दहा डॉलर. ओनी तोवर जहाजाने न्यू हॅम्पशायरमधल्या पोर्ट्समथला पोहोचत होती. वॉशिंग्टन यांनी तिथल्या सरकारी अधिकाऱ्यामार्फत तिला परत आणण्याचे प्रयत्न केले. ती आली नाही. १८४८ मध्ये ती वारली, तेव्हाही कायद्याच्या दृष्टीने ती फरारीच होती. घरचा आचारी हर्क्युलिस हाही पुढच्याच वर्षी, वॉशिंग्टन यांच्या पासष्टाव्या वाढदिवशी, मळ्यावरून निसटला.

घराचे काय झाले? १८३२ मध्ये ते आतून पोखरून दुकाने केली गेली. शेजारच्या इमारतींत अडकून राहिलेल्या त्याच्या उंच भिंती १९५१ मध्ये, त्याच हिरवळीसाठी, पाडल्या. त्या भिंती कशाच्या, हे पाडणाऱ्यांना ठाऊक नव्हते. १९५४ मध्ये त्या जागेवर सार्वजनिक स्वच्छतागृह बांधले गेले, आणि ते २००३ पर्यंत होते.

२००२ मध्ये अभ्यासक एडवर्ड लॉलर यांनी घराचा तपशीलवार आराखडा प्रसिद्ध केला आणि घंटेचे नवे दालन कशाशेजारी येते आहे, हे उघड झाले. वकील मायकल कोअर्ड आणि सहकाऱ्यांनी आंदोलन उभारले. २००७ मध्ये उत्खनन झाले. वॉशिंग्टन यांनी पाहुण्यांना भेटण्यासाठी बांधून घेतलेल्या अर्धगोलाकार खिडकीचा पाया आणि गुलाम राबत त्या स्वयंपाकघराचा पाया, दोन्ही एकमेकांपासून काही फुटांवर निघाले. वरच्या मचाणावरून लोक दिवसेंदिवस ते पाहत उभे राहत. डिसेंबर २०१० मध्ये स्मारक खुले झाले. काचेखाली तो पाया, वर अर्धवट भिंती आणि भिंतींवर फलक.

फलक काढण्याचा अधिकार कोणाचा?

खटल्याचा गाभा हाच आहे. मार्च २०२५ मध्ये अध्यक्ष डोनाल्ड ट्रम्प यांनी एक आदेश काढला. त्याचा आशय असा : सरकारी स्मारकांवरच्या मजकुरात भूतकाळातल्या किंवा हयात अमेरिकनांची अवाजवी निंदा नको. त्यानुसार देशभरातल्या उद्यानांतले फलक तपासले गेले आणि जानेवारी २०२६ मध्ये इथले निघाले. आपल्या जागेत कोणता मजकूर लावायचा हे सरकारच ठरवणार, अशी केंद्राची भूमिका.

शहराचे म्हणणे वेगळे. इथली मालकी सरळसोट नाही. इंडिपेन्डन्स हॉल आणि लिबर्टी बेल आजही शहराच्या मालकीचे आहेत. १९५० च्या कराराने त्यांची फक्त देखभाल उद्यान सेवेकडे आहे. प्रेसिडेंट्स हाऊस स्मारक शहर आणि केंद्र यांनी २००६ च्या करारानुसार मिळून उभारले. त्यामुळे एका पक्षाला परस्पर बदल करता येणार नाही, असा शहराचा दावा. फेब्रुवारीत संघीय न्यायाधीश सिंथिया रूफ यांनी शहराच्या बाजूने आदेश दिला : स्मारक होते तसे करा. आदेशात त्यांनी जॉर्ज ऑर्वेल यांच्या ‘१९८४’ या कादंबरीचा दाखला दिला. केंद्र सरकार अपिलात गेले; दरम्यान काही फलक जागेवर परतले.

कज्जा करारातल्या कलमांचा आहे. मात्र त्याचा परिणाम इथल्याच नव्हे, तर केंद्राच्या ताब्यातल्या इतर स्मारकांवरही होणार आहे. ज्या शहराकडे किंवा राज्याकडे असा लेखी करार नाही, त्याला न्यायालयात उभे राहायला इतका पक्का आधार मिळणार नाही.

जानेवारीत जे काढून नेले ते फलक भिंतीवर वरून बसवलेले होते; त्यांच्या जागी भोके आणि विटांवर फिकट चौकोन उरले. नऊ जणांची नावे मात्र स्मारकाच्या भिंतीतच कोरलेली आहेत, आणि फलक गेले त्या दिवशीही ती तिथेच होती : ऑस्टिन, पॅरिस, हर्क्युलिस, रिचमंड, ख्रिस्तोफर शील्स, गाइल्स, मोल, जो, ओनी जज.